फौजींचं लायसन्स

बंदुकीकडे कुणी दोनदा पाहिलं की फौजी वरच्या खिशात हात घालायचे. तिथं प्लास्टिकच्या पाकिटात त्यांच्या शस्त्र परवान्याचं पुस्तक असायचं. ते उघडून, फोटोचं पान समोर धरून म्हणायचे, "देख लीजिए. सरकारी कागज़ है." पेन्शन घ्यायला आलेली म्हातारी असो की आईच्या कडेवरचं पोर, कागद सगळ्यांना दाखवला जायचा. कुणी मागितलेला नसायचा. म्हातारी घाबरून "हाँ भैया, हाँ" म्हणायची आणि पोर पाकीट चाटायला बघायचं.

तुम्हीही असा माणूस पाहिला असेल. बँकेच्या दाराशी लोखंडी खुर्चीवर, दोन गुडघ्यांमध्ये दुनळी बंदूक उभी धरून बसलेला. आपण त्याच्याकडे बघतो ते बंदुकीमुळे, आणि बघून झालं की आत जातो. लखनऊमधल्या गोमती नगरच्या आमच्या शाखेत मी तीन वर्षं होते आणि तीनही वर्षं मी तेच केलं. फरक एवढाच की मी आत जाताना नमस्कारही करायचे.

पहिल्या दिवशी माझ्या टेबलावरची नावाची पाटी त्यांनी वाचली. दुपारी चहाच्या वेळी जवळ येऊन अगदी हळू म्हणाले, "जय भीम, ताई. कोन्त्या गावच्या?" मी अमरावती म्हटलं. ते बुलढाण्याकडचे निघाले. सतरा वर्षं सैन्यात काढून, शेवटची पोस्टिंग लखनऊ छावणीत होती म्हणून इथंच राहिलेले. त्या दिवसापासून लोकांसमोर मी मैडम आणि चहाच्या वेळी ताई. या नियमात त्यांनी कधी चूक केली नाही. नियमात चूक करणं त्यांना जमतच नव्हतं.

बंदूक कशी घेतली, ही त्यांची सगळ्यात आवडती गोष्ट. बँकेच्या दारावर उभं राहायचं तर बंदूक स्वतःची लागते, हे मला तोवर माहीत नव्हतं. बँक देत नाही, गार्ड पुरवणारी एजन्सीही देत नाही. माणूस आणि बंदूक जोडीनंच भरती होतात. म्हणून निवृत्तीनंतर फौजींनी अर्ज केला. अर्जासोबत शस्त्र सुरक्षित हाताळण्याच्या प्रशिक्षणाचा दाखला हवा होता. सतरा वर्षं रायफल वागवलेला हा माणूस त्या वर्गाला वही घेऊन गेला आणि पहिल्या बाकावर बसला. "मास्तर पोरगाच होता ताई," ते सांगायचे, "पन शिकवलं चांगलं."

मग चौकशीला हवालदार आला. त्यानं शेजाऱ्यापाजाऱ्यांना विचारलं, हा माणूस कसा आहे, तर शेजारी घाबरून म्हणाले, आम्ही ओळखतच नाही. पुन्हा चौकशी. परवान्यांच्या फायली सांभाळणाऱ्या कारकुनाला इकडे असलहा बाबू म्हणतात. त्या बाबूंच्या खिडकीशी फौजी इतक्यांदा उभे राहिले की बाबू त्यांना आपल्या मुलीसाठी आलेली स्थळं दाखवायला लागले. मलिहाबादचा दशहरी आंबा दोनदा बाजारात येऊन गेला तेव्हा परवाना हातात पडला. वरून काही सरकवलं असतं तर एका मोसमात झालं असतं, असं आमचा कॅशियर म्हणाला. फौजी म्हणाले, "मंग ते लायसन्स माहं नसतं झालं."

दुकानात बंदूक घ्यायला ते बायकोला घेऊन गेले होते. ती ठेवणीतली साडी नेसून आली आणि शिलाई मशीन घ्यावी तशी एकेक बंदूक उचलून बघायला लागली. शेवटी एका दुनळीवर हात ठेवून म्हणाली, ही हलकी आहे, तुमचा खांदा दुखतो. दुकानदार पिढीजात लखनवी. तो म्हणाला, "भाभी, क्या नज़र पाई है आपने." मग ती बंदूक नेऊन कचेरीत दाखवली, तिचा नंबर पुस्तकात चढवला, शिक्का बसला, आणि मगच घरी आणली. बायकोनं जुन्या वर्दीची पँट उसवून तिला खोळ शिवली. ही गोष्ट मी निदान दहा वेळा ऐकली आणि दहाही वेळा शिक्का बसल्यावर ते तळहात टेबलावर आपटायचे.

इकडे लग्नात हवेत गोळ्या झाडण्याचं वेड आहे. कॅशियरच्या भावाचं लग्न ठरलं तेव्हा त्यानं फौजींना घरी जाऊन पत्रिका दिली, पेढे दिले. फौजी आले. पांढरा शर्ट, चकचकीत बूट, हात रिकामे. कॅशियरचे काका पुढं होऊन म्हणाले, "अरे फ़ौजी भाई, बंदूक नहीं लाए?" फौजी शांतपणे म्हणाले, "कार्ड पर मेरा ही नाम था." आणि जेवायला बसले. कॅशियर पुढं महिनाभर त्यांच्याशी बोलला नाही. त्यांच्या ते लक्षातही आलं नाही.

त्यांची बायको मला ठेचा पाठवायची. स्टीलच्या छोट्या डबीत, वर तेल. मी तिला दोनदाच भेटले. गेल्या हिवाळ्यात ती वारली. आजार थोडाच होता, निदान आम्हाला तसं वाटलं. आम्ही सगळे जाऊन आलो. मुलगा नोएडाहून आला, तो चार दिवस राहून गेला. सहाव्या दिवशी फौजी दाराशी हजर. मी म्हटलं, अजून थोडे दिवस थांबायचं. ते म्हणाले, "घरी बसून काय करू ताई?" उत्तर बरोबर होतं, म्हणून मी आत गेले. आता वाटतं, तो प्रश्न होता.

वसंतात परवान्याच्या नूतनीकरणाची वेळ आली. फॉर्म मीच भरून दिला, जेवणाच्या सुट्टीत. शरीरानं आणि मनानं धडधाकट असल्याचा डॉक्टरचा दाखला लागत होता. मी म्हटलं, "दोन मिनिटांचं काम आहे. काही विचारलं तर सगळं ठीक म्हणायचं." त्यांनी मान हलवली. मला ती होकाराची वाटली.

सरकारी दवाखान्यात त्या दिवशी एक तरुण डॉक्टरीण होती. नवी असावी, कारण तिनं फॉर्मवरचे प्रश्न खरोखर विचारले. "बाबूजी, नींद ठीक आती है?" फौजी म्हणाले, "नहीं." तिनं पेन खाली ठेवलं. पुढं काय बोलणं झालं ते त्यांनी मला तेव्हा सांगितलं नाही. दाखला मिळाला नाही, मनोविकार विभागाची चिठ्ठी मिळाली. परवान्याची मुदत संपली त्या दिवशी सकाळी, कुणी न सांगता, फौजींनी ज्या दुकानातून बंदूक घेतली होती तिथंच ती जमा केली आणि पावती घेतली. एजन्सीनं दुसरा गनमॅन पाठवला. त्याचा परवाना कसा दिसतो हे आजवर कुणाला माहीत नाही.

मला राग आला, आणि तो मी सगळा फौजींवरच काढला. "खरं बोलायची काय गरज होती? तिथं काय शपथ घातली होती कुणी?" ते उभे होते, दाराच्या बाहेर, खुर्चीशिवाय. म्हणाले, "फॉर्मवर माही सही होती ना ताई."

माझा स्वभाव असा की मला गप्प बसवत नाही. मॅनेजरकडून पत्र घेतलं. असलहा बाबूंना भेटले. ते हळहळले, पण दाखल्याशिवाय फाईल हलणार नाही म्हणाले. मग आमच्या शाखेत खातं असलेले एक खाजगी डॉक्टर आठवले. त्यांना फौजींचं सगळं सांगितलं. भला माणूस, त्यांनी फॉर्म पुढं ओढून सही केली, शिक्का मारला, चहासुद्धा पाजला. फौजींना त्यांनी पाहिलंही नव्हतं. मी रविवारी सकाळी तो कागद घेऊन, एखादं बक्षीस घेऊन जावं तशी, फौजींच्या खोलीवर गेले.

छावणीला लागून एका वस्तीत त्यांची खोली. आत सगळं जागच्या जागी, भांडी पालथी, चादर ताणलेली. कपाटाशेजारी भिंतीत एक मोठा खिळा होता आणि त्याला ती खाकी खोळ टांगलेली. मी दाखला दिला. त्यांनी चष्मा लावून तो दोनदा वाचला.

"ताई, यात लिवलंय की मी या मानसाला तपासलं. मला कोनी तपासलं?"

"तो नुसता कागद आहे हो," मी म्हटलं. "आता बंदूक परत मिळेल. सोमवारी कचेरीत जाऊ."

त्यांनी कागदाची घडी घातली, माझ्या हातात परत दिली आणि समोरच्या वेताच्या मोड्यावर बसले. "ड्युटी संपली का बंदूक माह्या संगंच घरी यायची ताई. ही गेल्यापासून मी अन् ती, दोघंच. तिकडंच लक्ष जाये. मी पाठ करून झोपायचो. पाठ करून कोनाले झोप येते? डॉक्टरीनबाईनं इचारलं अन् मी सांगून टाकलं. चार महिन्यांत पहिल्यांदा कोनी इचारलं."

मी त्यांच्यापासून दहा पावलांवर बसत होते. चार महिने, रोज. ठेच्याची रिकामी डबी माझ्या ड्रॉवरमध्ये पडून होती, ती परत द्यायची म्हणून मी त्यांना दोनदा थांबवलं आणि दोनदा फोन आला म्हणून राहून गेलं. आणि ज्या एका बाईनं त्यांना विचारलं होतं, तिच्या विचारण्यावर पाणी फिरवायला मी सही-शिक्का घेऊन आले होते. मला लाज वाटली. फार वाटली. पण लाज वाटून त्या खोलीत काही उपयोग नव्हता.

"मग आता?" मी विचारलं.

"आता काय," ते म्हणाले. "बंदूक नाई तर रात बरी जाते. पन दिवस जात नाई. दारावर मानसं तरी दिसायची."

मी एजन्सीकडे त्यांच्यासाठी काठीवाल्या गार्डची जागा मागितली. ते म्हणाले, उमर निकल गई मैडम. मनोविकार विभागात मी त्यांच्याबरोबर दोनदा गेले. भली मोठी रांग, मोजकी मिनिटं, पांढऱ्या गोळ्या. गोळ्या ते घड्याळ लावून घ्यायचे. तिसऱ्या वेळी माझं ऑडिट निघालं आणि ते एकटे गेले.

शेवटी त्यांना विचारून मी मुलाला फोन केला. त्याला मराठी कळतं, बोलत नाही. सगळं ऐकून म्हणाला, "आंटी, पापा तो बहुत स्ट्रॉन्ग हैं." मी म्हटलं, "म्हणूनच सांगतेय." मग तो म्हणाला, "मैं शनिवार को आता हूँ." आणि आला, हे त्याच्या बाजूनं सांगायला हवं.

मुलाबरोबर नोएडाला जायच्या आधी फौजींना बंदूक रीतसर विकून टाकायची होती. परवानाही परत करून टाकणार होते. मुलगा सामान बांधत होता म्हणून मी बरोबर गेले. दुकानदार तोच, आता पिकलेला. त्याला वाटलं, कागद झाला, बंदूक न्यायला आले. लखनवी अदबीनं त्यानं ती आतून आणली, कापडानं पुसली आणि दोन्ही हातांवर घेऊन पुढं केली. "लीजिए फ़ौजी साहब. भाभी की पसंद है, अच्छे से रखी है हमने."

फौजी एक पाऊल मागं सरकले. माझ्याकडे न बघता म्हणाले, "ताई, हात धरा माहा."

मी डावा हात धरला. दुकानदार शहाणा माणूस, बंदूक आत घेऊन गेला आणि रजिस्टर घेऊन आला. फौजींनी उजव्या हातानं जिथं दाखवलं तिथं सही केली, तारीख घातली, नंबर पुन्हा वाचून पाहिला. बरोबर होता. माझा हात त्यांनी बाहेर ई-रिक्षात बसेपर्यंत सोडला नाही. रस्त्यावर लोक बघत होते. बघू देत.

संध्याकाळच्या गाडीनं ते गेले. त्यांना आता आठवा मजला आहे, सून आहे, आणि खाली फाटकावर गणवेशातला गार्ड आहे, ज्याच्याशी ते तासभर बोलत बसतात असं मुलगा सांगतो. माझी बदली झाली आहे. मी रविवारी फोन करते. इकडचं तिकडचं काही न बोलता आधी तेच विचारते, झोप लागते का?

ते आधी विचार करतात, जसा कुठल्याही फॉर्मवर सही करण्याआधी करायचे. मी फोन कानाला लावून उभी राहते. मग ते सांगतात, "काल लागली, ताई."

परवाचं ते सांगत नाहीत, आणि उद्याचं मी विचारत नाही.