वही न उघडता

"गाव सांगा. आडनाव मागाहून."

यजमान रामकुंडाच्या पायरीवर नीट टेकायच्या आत गुरुजींचा हा प्रश्न यायचा. गाव कळलं की ते डोळे मिटायचे, उजवा गुडघा हलू लागायचा आणि नावं बाहेर पडायची. आजा, पणजा, त्यांचे भाऊ, कोण कुणाच्या अस्थी घेऊन आलं होतं, तेसुद्धा. समोरचा माणूस हात जोडून बसायचा.

नाशिकच्या उपाध्यायांकडे गावोगावच्या घराण्यांच्या वह्या असतात, हे तुम्ही पाहिलं असेल. आलेला माणूस आपल्या पिढ्यांची नावं लिहितो, खाली सही किंवा अंगठा करतो. गुरुजींकडे लाल कापडात बांधलेल्या अशा वह्यांची दोन कपाटं होती. पण घाटावर ते वही नेत नसत. कच्च्या कागदावर सह्या घ्यायच्या आणि घरी येऊन वहीत उतरवायच्या. लोक म्हणायचे, यांच्या डोक्यात कॅमेरा आहे.

मी नामपूरहून एक पत्र्याची पेटी घेऊन आलो, ते त्र्याण्णव साल. आमच्या घरात सातवीपुढे कुणी गेलं नव्हतं. पंचवटीत दोन घरांनी खोली नाकारली होती. गुरुजींनी गाव विचारलं, डोळे मिटले, माझ्या आजोबांचं नाव बरोबर सांगितलं आणि वरची खोली उघडून दिली. त्या खोलीत मी बी.ए. झालो. तेव्हापासून मला ते 'बी.ए.'च म्हणायचे.

माझा विषय मानसशास्त्र. एकदा मी धीर करून विचारलं की तुम्हाला ते पान खरंच दिसतं का. म्हणाले, शाईच्या डागासकट दिसतं. मग मी म्हटलं, फोटो असेल तर उलटही वाचता येईल. खालच्या ओळीपासून वर वाचून दाखवा. ते दोन नावांवर अडकले. उठले, ओसरीवर तीन फेऱ्या मारल्या.

"गाडी रिव्हर्समध्ये टाकून कुणी त्र्यंबकला जातं का हो, बी.ए.?"

मी सांगितलं की आठवण म्हणजे फोटो नसतो, माणूस ती दर वेळी नव्याने जुळवतो, असं आमच्या पुस्तकात आहे. त्यांनी विचारलं, तुमच्या पुस्तकाने रामकुंड पाहिलंय का?

पुढच्या पितृपक्षात नामपूरचे एक म्हातारेबाबा मुलाला घेऊन आले. श्राद्धात बाप, आजा, पणजा अशी तीन नावं लागतात. पणज्याचं नाव बाबांना माहीत नव्हतं. गुरुजींनी डोळे मिटून 'उखा' सांगितलं. पिंड दिला, पाणी सोडलं, मंडळी गावी गेली.

दुसऱ्या दिवशी दुपारी गुरुजी सह्या वहीत उतरवायला बसले आणि मला वरून बोलावलं. पानावर त्या पणज्याचं नाव स्वच्छ अक्षरात होतं, झिपरू. उखा शेजारच्या पानावरचा, त्याच आडनावाच्या दुसऱ्या घराण्यातला. त्या दिवशी ते जेवले नाहीत.

"ज्याला हाक मारली त्याचा इथे संबंध नाही," ते म्हणाले, "आणि जो वाट बघत होता, त्याला मी हाकच मारली नाही. झिपरू तसाच उभा असेल हो."

मी म्हटलं, पुढच्या वर्षी दुरुस्त करू. त्यांनी मान हलवली. म्हातारेबाबा आहेत तोवरच झिपरू तीन पिढ्यांत मोजला जाणार. बाबा गेले की मुलासाठी तो चौथा, मोजणीबाहेर. मग त्याला नावाने कोण बोलावणार?

दोन दिवसांनी आम्ही एसटीने नामपूरला निघालो. मी बरोबर, कारण बाबांची बोली अहिराणी. जागा असून गुरुजी सटाण्यापर्यंत उभेच राहिले. वही पोटाशी धरलेली.

बाबांच्या अंगणात कांदा निवडणं चाललं होतं. आम्हाला पाहताच त्यांनी शेजारीपाजारी बोलावले आणि गुरुजींनी तोंड उघडण्याआधी उखाबाबाची गोष्ट सुरू केली. उखाबाबाच्या पायाला सहा बोटं होती. पुरात मोसम नदी पोहून त्याने बैल काढला होता. आजी हे सगळं सांगायची म्हणे.

गुरुजींनी वही उघडली. मुलाने नाव वाचलं. बाबा हसले.

"तुमनी वही चुकनी व्हई, महाराज. मनी आजी कशी चुकी?"

वही चुकली असेल, माझी आजी कशी चुकेल? गुरुजींनी हळूच विचारलं, तीन दिवसांपूर्वी तर तुम्हाला नाव माहीत नव्हतं?

"तुम्ही सांगं, नि मंग समदं याद उनं."

तुम्ही सांगितलं आणि मग सगळं आठवलं. बाबा खोटं बोलत नव्हते, त्यांचे डोळे भरून आले होते. गुरुजींनी माझ्याकडे पाहिलं. पुस्तकातलं बरोबर ठरल्याचा मला जराही आनंद झाला नाही. झिपरूच्या नावाने पाणी द्यायला बाबांनी साफ नकार दिला. ते पाणी वंशजानेच द्यायचं, तिथे गुरुजींचा हात चालत नाही.

परतीच्या गाडीत ते एवढंच म्हणाले, "आजवर किती घरांत मी असे उखा घालून आलो असेन, बी.ए.?"

त्यानंतर ते वही उघडल्याशिवाय एक नाव बोलले नाहीत. ओळीवर बोट ठेवून वाचायचे, पुन्हा वाचायचे, मग मला वाचायला लावायचे. वेळ लागायचा. काही यजमान कंटाळून दुसऱ्यांकडे गेले. दर पितृपक्षात झिपरूसाठी नामपूरला बाबांकडे त्यांचं कार्ड जायचं, उत्तर यायचं नाही. कुणी कॅमेऱ्याचं बोललं की ते उठून घाटाच्या दुसऱ्या टोकाला जाऊन उभे राहायचे. हे सारं मी आठवून लिहितोय. गुरुजी असते तर त्यांनी यातली प्रत्येक ओळ मला तपासायला लावली असती.

दोन हजार चार साली ते गेले. पुढच्याच वर्षी बाबांचा मुलगा बाबांच्या अस्थी घेऊन आला. गुरुजींच्या चिरंजीवांनी वही काढली, मी शेजारी बसलो होतो. झिपरूच्या नावाखाली गुरुजींच्या अक्षरात लिहिलेलं होतं: 'हे नाव मी चुकवलं. घरच्यांचा दोष नाही. पुढे कुणी आलं तर पिढी न मोजता झिपरूला एक ओंजळ द्यावी.'

चिरंजीव म्हणाले, शास्त्राने हा आता मोजणीत येत नाही. बाबांच्या मुलाने ओळीवर बोट ठेवून ते स्वतः वाचलं. बाबा शेवटपर्यंत उखाबाबाचीच गोष्ट सांगत होते, असं तो म्हणाला. मग पाण्यात उतरला, ओंजळ भरली आणि झिपरूचं नाव घेतलं, मोठ्याने, गर्दीत कुणाला हाक मारावी तसं. पाणी सोडलं.

पुन्हा ओंजळ भरली आणि तो म्हणाला, "आनि उखाबाबा. जो कोनी व्हई तो."