रुसणाऱ्या यंत्रांचा फुंक्या

गल्लीत त्याला फुंक्या म्हणत, आणि तोंडावर म्हणत. पंखे, मिक्सर, पाण्याचे पंप दुरुस्त करणारा माणूस. हात असा की जळालेली मोटार गप्पा मारता मारता नव्या तारेने गुंडाळून द्यायचा. एवढ्यावर सुखाने जगला असता, पण चाळिशीत त्याला तत्त्वज्ञान झालं. कुणाला मधुमेह होतो, कुणाला तत्त्वज्ञान; मधुमेहावर निदान गोळ्या तरी मिळतात.

तत्त्वज्ञानाचं नाव यंत्रमंत्रैक्य. म्हणजे वीज आणि मंत्र ही एकच शक्ती. एक तांब्यातून वाहते, दुसरी घशातून. यंत्र कधी बिघडत नाही, रुसतं. म्हणून स्क्रू काढण्याआधी त्याला आपलं नाव सांगायचं, सात फुंका मारायच्या आणि मंत्र म्हणायचा. मंत्र स्वतः फुंक्यानेच रचलेला, दोनशे ओळींचा. तो संपला की स्वारी सुटलेली तार हळूच जोडायची आणि म्हणायची, "पटली बघा समजूत!" ही सगळी अक्कल एका तीनशे पानी वहीत उतरवून ठेवली होती. शिष्य मात्र एकच मिळाला, समोरचा न्हावी. त्याच्या दुकानात ऐकत बसायला वेळच वेळ होता.

"गुरुजी, माझी केस कापायची मशीन मध्येच बंद पडते."

"तिला नावाने हाक मार."

"नाव काय ठेवू?"

"मला काय विचारतोस? तिला विचार."

न्हाव्याने विचारलं, तेही गिऱ्हाइकाच्या मानेवर मशीन धरून. गिऱ्हाईक अर्ध्या डोक्यानिशी उठून गेलं ते परत आलं नाही.

हे सगळं हसण्यावारी गेलं असतं. पण फुंक्याला एक थोरली बहीण होती. वीस वर्षं कपड्यांच्या कारखान्यात बटणं लावून ताईचे डोळे आणि कंबर दोन्ही कामातून गेली होती. एका कोंबडीवाल्याने तिला शब्द दिला, "दोनशे अंडी देतो. निम्म्याहून जास्त पिल्लं धडधाकट निघाली, तर दर महिन्याची उबवणी तुमची." ताईने त्या भरवशावर नोकरी सोडली. पिल्लं नाही निघाली तर कारखाना तिला दारातही उभं करणार नव्हता.

उबवणीची पेटी फुंक्याने बनवली, आणि खरं सांगायचं तर झकास बनवली. प्लायवूडची दुहेरी भिंत, आत छोटा पंखा, समोर मुठीएवढं भोक आणि त्या भोकाच्या आतच लोंबणारा सेन्सर. सेन्सरला गार लागलं की कट्ट आवाज व्हायचा, लाल बल्ब लागायचा आणि आत शेगडी तापायची. ऊब पुरी झाली की सगळं आपोआप बंद.

पेटी चालू केल्यावर फुंक्याने भोकाला तोंड लावून मंत्र सुरू केला. तिसऱ्या ओळीला कट्ट! बल्ब लागला. स्वारीचे डोळे भरून आले. आजवर इतक्या यंत्रांशी बोलला, उत्तर पहिल्यांदाच आलं. तो बल्ब एरवीही दर पाच-दहा मिनिटांनी लागायचाच, पण हे बघायला तत्त्वज्ञान आड येत होतं.

अठराव्या दिवशी ताई पिल्लांसाठी टोपल्या आणायला बाजारात गेली. परत येऊन बघते तो काय, भाऊ भोकात तोंड खुपसून बसलेला, न्हावी शेजारी वही धरून उभा आणि लाल बल्ब अखंड पेटलेला. जन्माला येणाऱ्या जिवांसाठी अख्ख्या मंत्राचं तिसरं आवर्तन चाललं होतं. ताईने पेटीतला थर्मामीटर बघितला. पारा चाळिशीच्या वर.

"अरे मेल्या, माझी अंडी उकडतोयस!" तिने त्याला कॉलर धरून मागे ओढलं आणि झाकण सताड उघडलं.

"ताई, यंत्र बोलतंय माझ्याशी! बल्ब बघ!"

तो बाजूला होताच बल्ब विझला, मग पाराही खाली आला. ताईने झाकण लावलं, भोकाशी वाकली आणि म्हणाली, "भोपळा, भोपळा, भोपळा."

कट्ट. बल्ब लागला.

न्हाव्याचं तोंड उघडंच राहिलं.

"चहा फुंकून पितोस ना रे?" ताई म्हणाली. "कशाला फुंकतोस? गार व्हावा म्हणून. मग या बिचाऱ्याला काय वाटलं असेल? त्याला वाटलं, आत थंडी पडली!"

फुंक्या हार मानणारा नव्हता. "शब्द गौण गं. तुझ्या मनातला भाव त्याने ओळखला."

"माझ्या मनात आत्ता तुझा गळा आहे!"

असं म्हणून तिने न्हाव्याच्या हातातली वही हिसकावली आणि भोकासमोर दोनदा हलवली. कट्ट.

"गुरुजी," न्हावी हलकेच म्हणाला, "आता वहीसुद्धा म्हणायला लागली!"

ताईने त्याला दाराबाहेर काढलं आणि भावाच्या तोंडावर मफलर करकचून बांधला. तीन दिवस फक्त जेवायला सुटायचा. बोलता येईना, तेव्हा तो नाइलाजाने काम करू लागला. सेन्सर भोकापासून लांब, अंड्यांच्या मधोमध नेला. पंख्याची पाती सरळ केली. पारा जो जागेवर बसला तो हलला नाही. ताई मात्र दर तासाला अंड्याला कान लावायची आणि परत ठेवून द्यायची.

एकविसाव्या दिवशी सकाळी पहिली टकटक ऐकू आली. संध्याकाळपर्यंत ताईने तीनदा मोजली. एकशे सव्वीस पिल्लं. उरलेल्या चौऱ्याहत्तर अंड्यांविषयी फुंक्याने वहीत एकच ओळ लिहिली: ही अंडी नास्तिक होती.

कोंबडीवाला आला. पिल्लं उलटीपालटी करून बघितली, मान डोलावली. मग पेटीभोवती एक चक्कर मारली, आत हात घालून सांधे चाचपले.

"पुढच्या महिन्याची अंडी पाठवतो बाई. पण ही पेटी कुणी केली? मला अशा दोन हव्यात."

फुंक्याने मफलर खाली ओढला, छाती पुढे काढली आणि सांगायला तोंड उघडलं.

"माझ्या भावाने," ताई मध्येच म्हणाली. "हात सोन्याचा आहे हो. बिचारा मुका आहे, एवढंच."

कोंबडीवाल्याने हळहळून फुंक्याकडे पाहिलं. फुंक्याने ताईकडे पाहिलं, पिल्लांकडे पाहिलं, आणि जन्मात पहिल्यांदा तोंड मिटून नुसती मान हलवली.