काकूंनी घेतलेला शॉट

माझे दादा मंचरच्या आसपास लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करायचे. बारावीनंतर मीही त्यांच्याबरोबर जाऊ लागले. नाचणाऱ्या वरातीतून उलटं चालत कॅमेरा स्थिर कसा धरायचा, हे मी तिथं शिकले. बाकीचं पुढं पुण्यात. आमचं गाव लोणी, म्हणजे आंबेगाव तालुक्याची कोरडी बाजू. भाताच्या खाचरात मी पहिल्यांदा पाय ठेवला तो माझ्या पहिल्या सिनेमासाठी, घाटाकडच्या पावसाळी मढ गावात.

सिनेमा छोटा. आम्ही सगळे मिळून नऊ जण, आणि मुक्काम एका शेतकऱ्याच्या पडवीत. पहिल्याच सकाळी घरच्या काकूंनी मला विचारलं, "तू मेकप करती का गं?"

"नाही काकू, कॅमेरा चालवते."

"मंग त्यो दाढीवाला काय करतो?"

"तो दिग्दर्शक. काय पाहिजे ते सांगतो."

"म्हंजी आमच्या ह्यांच्यावानीच," असं म्हणून काकू चहा आणायला गेल्या.

दिग्दर्शकाला भातलावणी करणाऱ्या बायकांच्या ओळीसमोरून कॅमेरा सलग सरकत जायला हवा होता. चिखलात ट्रॉलीचे रूळ टाकणार कसे? मी कॅमेरा खांद्यावर घेऊन चालून पाहिलं. दर पावलाला पाय गुडघ्यापर्यंत रुते आणि चित्राला गचका बसे. बांधावर बसलेले घरचे काका दुपारपर्यंत हे बघत होते. शेवटी त्यांना राहवलं नाही.

"पावणं, चिखल सपाट करायची फळी हाय आमच्याकडं. बैल वढत्यात. बसा की तिच्यावर."

मी फळीवर मांडी घातली. पुढे काका बैल हाकत होते. मी कलंडू नये म्हणून काकू पाठीला हात लावून बाजूनं चालत होत्या. बैल निघाले आणि चित्र असं अलगद सरकू लागलं की मला ओरडावंसं वाटलं. तेवढ्यात बैलांना बांधावरचं हिरवं गवत दिसलं. त्यांनी हिसका दिला, आणि मी उताणी होता होता कॅमेरा वर धरला. काकूंनी तो झेलला.

"मशीन धरलंय गं! तू पड निवांत!"

मी पडले. अख्खी ओळ हातातली रोपं घेऊन हसत सुटली. कॅमेरा चालूच होता, काकूंच्या हातात.

माझा सरकता शॉट सिनेमात आहे. पण लोकांच्या लक्षात राहिला तो त्यापुढचा, तिरका, हसणाऱ्या बायकांचा. पुण्यात खेळानंतर एकानं तो कसा सुचला म्हणून विचारलं. तो माझा नाही, काकूंचा आहे, असं मी सांगितलं. त्याला तो विनय वाटला.

मग आम्ही मढच्या शाळेत सिनेमा दाखवला. तो शॉट आला तशी मी काकूंकडे पाहिलं. सगळे टाळ्या वाजवत होते. काकूंनी मात्र मान तिरकी केली, डोळे बारीक केले.

"वाकडं आलंय राव," त्या म्हणाल्या. "परत घ्यायला पायजे व्हतं."