उवेचं पहिलं वाक्य

मरण्यात उवे ग्रोटमनचा हात कुणी धरणार नाही. जर्मनीतल्या डिटेक्टिव्ह मालिकांत तो पस्तीस वर्षं मरत आला. कालव्यात मेला, लिफ्टमध्ये मेला, एकदा तर खाटकाच्या फ्रीजरमध्ये! पहिल्या पाच मिनिटांत याचा मुडदा पडायचा, की बाकीचे नट तासभर बोलायला मोकळे. याच्या वाट्याला साधं 'नमस्कार'सुद्धा कधी आलं नाही. पण प्रेत म्हणून पडला की पापणी हलायची नाही हो! त्याचा त्याला भारी अभिमान.

बायको क्षिप्रा मूळची पुण्याची, सिंगापुरात रॅफल्स प्लेसच्या बँकेत मोठी अधिकारी. निवृत्त झाल्यावर उवे तिच्याकडे पासिर रिसला राहायला आला आणि इथल्या मराठी मंडळाचा जावईबापू झाला. मंडळ गणपतीत नाटक बसवतं, हे कळल्यावर स्वारीनं वर्षभर मराठी गिरवलं.

"एक वाक्य द्या. एकच," त्यानं दिग्दर्शक मुकुलला गळ घातली.

मुकुल तोंडाचा फटकळ. "जावईबापू, तुमचे उच्चार ऐकून लोक हसतील. नाटकात खून आहे, तुम्ही प्रेत व्हा ना! दोन्ही अंक सोफ्यावर. एवढा मोठा रोल दुसऱ्या कुणालाच नाही."

उवेचं तोंड एवढंसं झालं. पण मिळालेला रोल नाकारेल तर तो नट कसला? तीन महिने दर रविवारी तो तालमीत सोफ्यावर निपचित पडला. पडल्या पडल्या त्याचं अख्खं नाटक पाठ झालं, नाटकातल्या वहिनीच्या रडण्याभेकण्यासकट.

प्रयोग मरीन परेडच्या एका हॉलात. दुसऱ्या अंकात चौऱ्याहत्तर वर्षांचे मनोहरकाका, म्हणजे नाटकातले इन्स्पेक्टर, प्रेतापाशी आले, "खुनी याच खोलीत आहे!" म्हणून गरजले आणि पुढचं साफ विसरले. विंगेतून प्रॉम्प्टर वाक्य सांगत होता, पण त्याला बसवलेला नेमका काकांच्या बहिऱ्या कानाच्या बाजूला! धन्य ते नियोजन! प्रेक्षकांत चुळबुळ सुरू झाली. काकांनी सोफ्याची पाठ घट्ट धरली आणि ते रडवेल्या आवाजात नुसतं "खुनी... खुनी..." करत राहिले.

ओठ न हलवता उवे वाक्य पुटपुटला. काकांना ते ऐकूच गेलं नाही.

आता आली का पंचाईत! प्रेतानं बोलायचं? पस्तीस वर्षांची इभ्रत घालवायची, तीसुद्धा या उच्चारांत? पण म्हातारा रडकुंडीला आला होता. ते काही उवेला ऐकवेना.

"वहिनींना विचारा," प्रेत खणखणीत आवाजात म्हणालं, "चहात विष कुणी घातलं?"

सगळा हॉल खो खो हसत सुटला. मुकुलनं विंगेत कपाळावर हात मारला. काकांना मात्र एकदम सगळं आठवलं. "बघा वहिनी, मेलेला माणूससुद्धा हेच विचारतोय!"

मागून कुणीतरी ओरडलं, "वन्स मोअर!"

उवेनं एक डोळा उघडला. पहिल्या रांगेत क्षिप्रा हसता हसता डोळे पुसत होती. लोक हसत होते, मुकुल म्हणाला होता अगदी तसेच. उवेला इतका आनंद आयुष्यात कधी झाला नव्हता.

तो उठून बसला, मान लववली, वाक्य पुन्हा म्हटलं आणि काळजीपूर्वक परत मेला.