आबांचा आयरिश उमेदवार

आमच्या आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, आयुष्यात दोनच उमेदवार उभे केले. एक ते स्वतः, आणि दुसरा दुबई मरीनातल्या आमच्या ऑफिसातला एक आयरिश इंजिनिअर. आबा शेवटच्या निवडणुकीत पडले, आणि ते माझ्यामुळे पडले असं मी कित्येक वर्षं धरून चाललो होतो.

मंदीचे दिवस होते. मरीनात टॉवर अर्धवट राहिले होते. माझा पगार निम्मा झाला आणि आम्ही अजमानला स्वस्तातल्या फ्लॅटमध्ये आलो. त्याच सुमारास आबा गावाहून तीन महिन्यांसाठी आले होते. पंधरा वर्षं गावचे सरपंच. इथे सरपंचकी गाजवायला त्यांना लिफ्टमधले शेजारीच काय ते उरले. आयरिश मित्राची तर नोकरीच गेली. पण गडी खुशीत होता. त्याच्या खेड्याकडचे कौन्सिलर म्हणजे त्याचे काका; ते थकले होते आणि त्यांच्या जागी हा उभा राहणार होता. निरोपाचं म्हणून मी त्याला शुक्रवारी जेवायला बोलावलं.

निवडणूक हा शब्द ऐकताच आबांनी पाहुण्याचा ताबा घेतला. माझी नऊ वर्षांची मुलगी मराठीत विचारलं तरी इंग्रजीतच उत्तर द्यायची. त्याबद्दल रोज बोलणी खायची, त्या दिवशी तिला दुभाष्याचा मान मिळाला. तिघांनी बाल्कनीत बैठक मारली. पुढे तो निघेपर्यंत दर दोन दिवसांनी यायचा आणि बैठक बसायची.

दोन्हीकडचं राजकारण एकाच मापाचं निघालं. रस्त्यातले खड्डे, म्हाताऱ्यांच्या पेन्शनचे अर्ज आणि मयत. "लग्नाला नाही गेलं तरी चालतं, मयत चुकवायचं नाही," आबा म्हणाले. त्याच्या काकांचंही हेच म्हणणं होतं. फरक एकच. तिकडे पुढाऱ्यानं घरच्यांचा हात हातात घ्यायचा, दुःखाचा एक शब्द बोलायचा आणि बाजूला व्हायचं. हे आबांना अजिबात पटेना.

"दोन मिनिटं बोलायचंच. गेलेल्या माणसाची एक खरी गोष्ट सांगायची, घरच्यांनाही ठाऊक नसलेली. मग खलास." खलास हा शब्द अरबीतही चालतो हे खालच्या किराणावाल्याकडून कळल्यापासून तो त्यांच्या तोंडी बसला होता.

त्याच आठवड्यात गावाहून फोन आला. आबांच्या विरोधातल्या भावकीतले सर्वांत थोरले गेले होते आणि पंचायतीची निवडणूक तोंडावर होती. मी चाचरत म्हणालो, "आबा, तिकिटाचं बघतो, पण या महिन्यात जरा ओढाताण आहे."

"राहू दे रे," ते म्हणाले आणि टीव्ही लावून बसले.

मुक्काम संपवून ते गावी परतले, निवडणुकीला उभे राहिले आणि स्वतःच्या वॉर्डातच पडले. सरपंचाला दुबईचं वारं लागलं, मयताला येईना झाला, असं गाव म्हणालं. आबा त्यावर हसायचे. मला मात्र ते लागून राहिलं.

इकडे आयरिश चेल्यानं पहिल्याच मयताला, पाद्र्याची प्रार्थना संपताच, पुढे होऊन भाषण केलं. असली आगाऊ गोष्ट तिकडे कुणी करत नाही. काकांनी टोपी डोळ्यांवर ओढली. "हबीबी, तुझ्या वडिलांनी मला बुडवलं," त्यानं मला फोनवर सांगितलं. मी ते आबांना कळवलं, तर त्यांचं जेवणावरचं लक्ष उडालं. स्वतः पडले तेव्हाही इतके अस्वस्थ नव्हते.

आणि गडी निवडून आला. ज्याच्या मयताला तो बोलला तो म्हातारा महाखडूस होता, पण दर हिवाळ्यात पहाटे उठून शाळेसमोरचं गटार गुपचूप साफ करायचा, हे त्यानं भाषणात सांगितलं होतं. ते ऐकून त्या म्हाताऱ्याची विधवा प्रचारासाठी दारोदार फिरली. तेव्हापासून त्या भागात त्याच्या भाषणाशिवाय मयत होत नाही. दर आठवड्याला कुणाची तरी खरी गोष्ट शोधताना जीव जातो, अशी तक्रार करत तो पुढच्याही निवडणुका जिंकला. आबा पारावर सांगायचे, "आयर्लंडात आपला एक मेंबर आहे."

आबा गेले. दशक्रियेला घाटावर माइकवरून डझनभर भाषणं झाली, सगळी एकाच साच्याची. मी अजमानला परतलो आणि चार दिवसांनी आयर्लंडहून त्याचा फोन आला. "स्पीकरवर टाक. तुझ्या वडिलांचा नियम आहे, मला बोलायचंय." जेवणाच्या टेबलाशी मी, बायको आणि मुलगी, आम्ही तिघंच होतो. सभेत खाकरावं तसा तो खाकरला.

"गावाहून तो फोन आला, त्या आठवड्यात मी तुझ्या वडिलांना विमानाचं तिकीट काढून देत होतो. ते नको म्हणाले. म्हणाले, सरपंचकी काय, पुन्हा मिळेल. पण पोराचा पगार निम्मा झालाय, दिवसभर घुम्यासारखा असतो. मी शेजारी जेवायला बसलो की तेवढा हसतो. मी इथेच थांबतो." मग म्हणाला, "एवढंच."

मी मुलीकडे पाहिलं. तेव्हाची ती दुभाषी आता कॉलेजात आहे. "आबा मेड मी प्रॉमिस नॉट टू टेल, बाबा," ती म्हणाली.

फोनवरून त्यानं जरा घाबरतच विचारलं, "बरं झालं का? त्यांना चाललं असतं?"

"निवडून आलास," मी म्हणालो.