उलटे चालणारे मास्तर

“हळू घ्या. मागचा मानूस आपलाच हाय.”

अकोल्याचे एक बँडमास्तर हे सारखं म्हणायचे, आणि म्हणताना उलटे चालत असायचे. वरात निघाली की त्यांचं तोंड वाजवणाऱ्यांकडे, पाठ रस्त्याकडे. खड्डा, गाय, स्कूटर, सगळं त्यांना पाठीनेच कळायचं. असे मास्तर तुम्हीही पाहिले असतील. नाव मात्र विचारलं नसेल.

आमची गाठ पडली ती सिनेमामुळे. लग्नांचं शूटिंग करणाऱ्या एका हौशी माणसाने सगळ्या घराने मिळून बघावा असा गाण्यांचा सिनेमा काढला. विषय, माणसांची आणि झॉम्बींची दोस्ती. मी अमरावतीच्या शाळेत संगीत शिकवतो, परीक्षा पास आहे, म्हणून संगीत माझ्याकडे आलं. मास्तर आपल्या अकरा वादकांसह झॉम्बी झाले.

“मेलेले मानसं क्लॅरनेट वाजवतेत काय?” त्यांनी विचारलं.

“तुमचे वाजवतील,” दिग्दर्शक म्हणाला.

शेवटच्या गाण्यात माणसं आणि झॉम्बी हातात हात घालून गावात शिरतात. पातूरजवळ शूटिंग होतं. मी चाल बांधली होती चांगली जलद. झाली पंचाईत! झॉम्बी ठेक्यावर पळाले तर बघायला जमलेली पोरं हसायची, रेंगाळले तर मागे पडायचे आणि दोस्ती तिथेच संपायची. दोन दिवस वाया गेले.

तिसऱ्या दिवशी मास्तर म्हणाले, “सर, मी एकदा घेऊन पाहू काय?”

त्यांनी रस्त्याकडे पाठ केली आणि माझीच चाल निम्म्या गतीने घेतली. भर उन्हात वरात शेवटच्या वळणावर आली की बुटात पाय सुजलेले वादक जसे चालतात, तशी त्यांची माणसं चालू लागली. छोट्या नायिकेने कोणी न सांगता एका झॉम्बीचा हात धरला. पोहे करणाऱ्या बाईने पदराने डोळे पुसले. दिग्दर्शकाने मास्तरांना मिठी मारली आणि मला नुसतं “वा, सर” म्हणाला.

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. चाल माझी होती. पण त्यांनी हात लावेपर्यंत तिच्यासाठी कोणी रडलं नव्हतं.

पुढे पडद्यावर दाखवायची संगीतवाल्यांची नावं दिग्दर्शकाने मलाच लिहून पाठवायला सांगितली. मी गाणाऱ्यांची लिहिली, अकराही वादकांची लिहिली, पेटी उसनी देणाऱ्याचंसुद्धा लिहिलं. मास्तरांचं लिहिलं नाही. विसरलो नव्हतो.

अमरावतीत पहिला खेळ झाला. मास्तर बायकोला घेऊन, बँडचा जरीचा कोट इस्त्री करून आले होते. सिनेमा संपला, लोक बाहेर पडले. हे दोघं पडद्यावरची नावं संपेपर्यंत उभे होते. मग माझ्याकडे आले.

“सर, नावं लय जोरात गेली. मले वाचताच नाही आलं. थोडं हळू घ्यायले पायजे होतं.”

लग्नपत्रिकेतलं बारीक अक्षर चष्म्याशिवाय वाचणारा माणूस! ते हसत होते. त्यांची बायको हसत नव्हती, माझ्याकडे बघत होती.

नाव घालायला सांगीन असं मी त्याच दिवशी ठरवलं. पण मोर्शीला, आणखी कुठे कुठे खेळ झाले आणि लोक दर वेळी त्याच गाण्यावर टाळ्या वाजवायचे. मी दर वेळी गप्प बसलो. मागच्या हिवाळ्यात मास्तर गेले. नाव अजून तिथे नाही.

परवा आमच्या गल्लीतून एक वरात चालली होती. बँड त्यांचाच, गाणं तेच, पण सुसाट. सगळ्यात मागे एक म्हातारी चपला हातात घेऊन धापा टाकत येत होती. मी गॅलरीतून बघत होतो, तो खाली उतरलो.

“अरे, हळू घ्या की!”

“समोर कोनी नसलं की हात पळतेत, सर,” क्लॅरनेटवाला म्हणाला.

मी त्यांच्याकडे तोंड केलं, हात वर केला आणि उलटा चालू लागलो. चौथ्या पावलाला धडपडलो. एवढंही आपल्याला जमत नाही म्हणून पुन्हा मास्तरांवर जळलो, आणि भर रस्त्यात मला रडू आलं. बँड थांबला होता.

तेवढ्यात म्हातारी येऊन पोचली.