कुलपावरचा वेल

ऑफिसात तिला सगळे फौजदारीणबाई म्हणत. कुणी माहितीपट काढायला घेतला, की त्याला लागणारं जुनं चित्रीकरण हुडकून आणायचं, हे तिचं काम. एकदा कुणीतरी सिनेमासाठी उभा केलेला पूर खरा म्हणून तिच्या गळ्यात मारला होता. तेव्हापासून ती ताकही फुंकून पिई. समोरचा जितका गोड बोलेल, तितकी हिची भुवई वर.

या वेळी दिग्दर्शकाला काचेचा कारखाना बंद झाला तो दिवस हवा होता. त्याचं चित्रीकरण कुणाकडेच नाही, असं जो तो सांगत होता. अशात त्या कारखान्यातल्या एका जुन्या फिटरचा फोन आला, "माझ्याकडे आहे. मीच काढलंय."

मग इतकी वर्षं गप्प का? तिच्या मनात पाल चुकचुकली.

फिटरकाकांनी पेटीतल्या रिळांतून एक काढलं आणि पडदे ओढून भिंतीवर दाखवलं. बंद फाटक, वर गेलेल्या मुठी, रडवेले चेहरे. सगळं नको इतकं नीटनेटकं. धक्काबुक्कीत कुणी कॅमेऱ्याच्या आडसुद्धा येत नव्हतं.

"पुन्हा लावा," ती म्हणाली. दुसऱ्यांदा तिला फाटक दिसलं. "काका, कुलूप त्याच दिवशी लागलं ना? मग एका दिवसात त्याच्यावर वेल कसा चढला?"

काका चष्मा पुसत बसले. चहा घेऊन आलेल्या काकू म्हणाल्या, "सांगून टाका की. पोटात ठेवून काय लोणचं घालायचंय?"

"त्या दिवशी कॅमेरा होता कुणाकडे?" काका अखेर बोलले. "वर्षभराने मेव्हण्याचा मागून आणला आणि सगळ्यांना पुन्हा जमवलं. म्हटलं, आपण उभे होतो हे कुठेतरी राहू दे. पण माणसं तीच हो! ही बघा, पुढे हीच उभी आहे."

"मी कुठली?" काकूंना हसू आवरेना. "खऱ्या दिवशी मी माहेरी बाळंतीण होते. गर्दी कमी पडतेय म्हणून तुम्हीच तर ओढून नेलंत!"

काकांचं तोंड बघण्यासारखं झालं.

हीही बनवाबनवी नसेल कशावरून? ती परस्पर दुसऱ्या एका जुन्या कामगाराला गाठून आली. "खरं आहे," तो म्हणाला. "मी त्या दिवशी चक्कर येऊन पडलो होतो. पुन्हा पड म्हणाला फिटर. मी म्हटलं, तूच पड."

"वर्षभराने काढलंय हे कुणाला कळणार आहे?" दिग्दर्शक म्हणाला.

"मला कळलं ना? पडद्यावर तशी पाटी येणार असेल तरच रीळ."

कुरकुरत का होईना, पाटी आली: 'कामगारांनी वर्षभराने पुन्हा उभा केलेला दिवस.'

माहितीपट पाहून काका भडकले. "चारचौघांत खोटारडा ठरवलंत मला!" म्हणून त्यांनी फोन आपटला. काही दिवसांनी ती स्वतःच त्यांच्या घरी गेली. काकांनी दार अर्धंच उघडलं.

"आता काय तपासायचंय?"

"काही नाही. सहज आले."

काकांनी तिला खालून वर न्याहाळलं. "तुम्ही? सहज?"

तिला हसू फुटलं. खरं तर पेटीतल्या बाकीच्या रिळांत काय आहे, हेच विचारायला ती आली होती. आतून काकू ओरडल्या, "अहो, आत तरी घ्या तिला!" तेव्हा कुठे दार पुरतं उघडलं.